स्टूरची बोली

रग्नफ्रिद स्टूर बाहुल्याचा फाटका कान शिवत होती. दोरा दातांत धरलेला, त्यामुळे एगिलचं बोलणं ऐकूनही तिला लगेच काही म्हणता आलं नाही.

“हेल्गेलांडचा दूरचित्रवाणीचा मनोरा शरदात सुरू होतोय,” एगिल पुन्हा म्हणाला. “म्हणजे आता तुमच्या बेटावरही आपण दिसणार. मला वाटलं, ऐकून तू नाचशील.”

तिनं दोरा तोडला, कान ओढून पाहिला आणि स्टूरची विणलेली टोपी त्याच्या डोक्यावर नीट बसवली.

“एगिल, यापुढे स्टूरला शुद्ध बोलायला लावू या.”

एगिल स्काउगे कार्यक्रमाचा दिग्दर्शक होता आणि याच एका गोष्टीवरून तो वरच्या मजल्यावरच्या साहेबांशी वर्षानुवर्षं भांडत आला होता. शाळामास्तरांच्या तक्रारी यायच्या. राजधानीतली चांगल्या घरची मुलं जेवताना त्या बाहुल्यासारखं नाक ओढतात, बटाट्यांना नावं ठेवतात आणि उत्तरेच्या कोळ्यांसारखं बोलतात, म्हणे. दर वेळी एगिल वर जाऊन सांगायचा की डोंगरातला लेमिंग ओस्लोच्या वकिलासारखा बोलला तर मुलं त्याच्यावर विश्वास कसा ठेवतील? आणि आता जिच्या बाजूनं तो भांडला, तीच हे म्हणत होती. त्यानं चष्मा काढला, स्वेटरला पुसला, परत घातला.

“तुला बरं वाटत नाहीये का?” त्यानं विचारलं.

तिनं सुई दोऱ्याच्या रिळात खोचली.

रग्नफ्रिद मुळात बालवाडीची बाई. देशात दूरचित्रवाणी नवी नवी सुरू झाली तेव्हा मुलांसाठी काय दाखवायचं हे कुणालाच ठाऊक नव्हतं. कुणीतरी तिचं नाव सुचवलं, आणि एक दिवस ती बालवाडीतलं एक टेबल, जुन्या मोज्यांचं गाठोडं आणि गोंदाची बाटली घेऊन स्टुडिओत हजर झाली. कार्यक्रमाचं नाव ‘सहाच्या आधी’. बाहुले तीच शिवायची, संवाद तीच रचायची, टेबलामागे बसून मुलांशी तीच बोलायची. उजव्या हातात असायचा स्टूर, एक लेमिंग. लेमिंग हा उंदरापेक्षा थोडा मोठा प्राणी, पण लांडगा समोर आला तरी पळायचं सोडून त्याच्यावरच खेकसणारा. स्टूर म्हणजे रुसका. तो बोलायच्या आधी एकदा नाक ओढायचा, टोपी मागे सारायचा आणि जगातल्या बहुतेक गोष्टींबद्दल नापसंती दाखवायचा. रग्नफ्रिदचे ओठ हललेले दिसायचे, तरी आजवर एकाही मुलानं तिच्या ओठांकडे पाहिलं नव्हतं. ती स्वतः राजधानीची स्वच्छ, घासूनपुसून घेतलेली भाषा बोलायची. स्टूर तिच्या बेटाची बोली बोलायचा.

हा आवाज कुणाचा, हे तिनं एगिललाही सांगितलं नव्हतं. तो तिच्या बापाचा होता, ओलुफचा. नाक ओढणं त्याचं, टोपी त्याची, बटाट्यांवरचा रागही त्याचाच. पहिल्या दिवशी कॅमेऱ्यासमोर ती इतकी घाबरली होती की बाहुल्याच्या तोंडून काय काढावं ते सुचेना, आणि मग जे आलं ते हे आलं. पुढे सगळा देश त्या आवाजाला हसू लागला. बेटावर दूरचित्रवाणी पोचत नव्हती, म्हणून तिनं ते चालू दिलं.

बापलेकीचं भांडण असं कधी झालंच नव्हतं. झालं होतं ते एवढंच, की शहरात राहायला गेल्यावर ती एका उन्हाळ्यात घरी आली आणि दुकानात तिनं सवयीनं शहरी भाषेत साखर मागितली. मागे ओलुफ उभा होता. पाहुण्या बाईला आधी देऊन टाका, असं तो दुकानदारणीला म्हणाला. सगळे हसले, तीही हसली. पण त्यानंतर घरात बोलायला तोंड उघडलं की आपली कुठली भाषा बाहेर पडेल याची तिला धास्ती वाटू लागली. दोन्हीकडून बोलणं कमी होत गेलं. आई गेल्यावर तर हवामान आणि मासे, एवढेच विषय उरले.

पुढच्या बुधवारी स्टूर शुद्ध बोलला.

स्टुडिओत दर वेळी पाचसहा मुलं टेबलाभोवती बसायची. त्या दिवशीही होती. स्टूरनं नाक ओढलं, टोपी सारली आणि रेडिओवरच्या बातम्यांच्या भाषेत सांगितलं की आजचे बटाटे त्याला फारसे रुचकर वाटले नाहीत. कुणी हसलं नाही. दातांच्या जागी फट असलेली एक मुलगी पुढे सरकली, तिनं स्टूरच्या कपाळाला हात लावून पाहिला आणि रग्नफ्रिदकडे वळून हळूच विचारलं, “ह्याला काय झालंय? डॉक्टरांना बोलवायचं का?”

कार्यक्रम थेट चालला होता. काचेपलीकडे एगिल खुर्चीतून उठून उभा राहिला.

“काय न्हाई झालं,” स्टूर म्हणाला. “ह्या गावात वारासुदिक पाचाच्या ठोक्याला हापिस सुटलं की घरला जातोय. मानसाचा घसा बसंल न्हाई तर काय?”

मुलं खिदळली. फटवाली मुलगी समाधानानं जागेवर जाऊन बसली. नंतर एगिल आत आला आणि म्हणाला की मुलांनीच निकाल लावला, आता यात तुझं-माझं काही चालायचं नाही.

शरदात मनोरा सुरू झाला, आणि मुलांच्या आग्रहावरून स्टूरनं ती वाऱ्याची तक्रार पुन्हा एकदा ऐकवली. बापाचा काहीच निरोप आला नाही. रग्नफ्रिदनं पहिल्याच सुट्टीत उत्तरेची बोट धरली. सामान तिनं खाली ठेवायला दिलं, पण स्टूर नेहमीप्रमाणे खांद्यावरच्या पिशवीत होता.

धक्क्यावर दुकानवाली गुडलाउग भेटली. बेटावरचा पहिला दूरचित्रवाणी संच तिनंच घेतला होता. हात पुसत पुसत तिनं सगळं सांगून टाकलं. बुधवार आला की अर्धं बेट तिच्या खोलीत जमतं. ओलुफ खिडकीजवळच्या खुर्चीत बसतो, टोपी मांडीवर काढून ठेवतो. स्टूरनं तोंड उघडलं की लोक एकदा संचाकडे बघतात, एकदा ओलुफकडे, आणि हसू आवरायला कुणी खोकतं, कुणी बाहेर जातं.

“आनि बाबा?” रग्नफ्रिदनं विचारलं. बेटाच्या बोलीतला शब्द कसा बाहेर पडला ते तिच्या लक्षातही आलं नाही.

“त्यो कुटं काय म्हनतोय. बघतो, उठतो, घरला जातो. पर एक बुधवार चुकवंल तर शपथ.”

घराच्या वाटेवर तिनं दोनदा थांबून पिशवीचा पट्टा खांद्यावर नीट केला. तो सरकलेला नव्हता.

ओलुफनं कॉड मासा शिजवला होता. टेबलावर दोन ताटं मांडलेली होती, मधे बटाट्यांचं पातेलं, आणि तिला लहानपणापासून आवडायचं ते माशाचं काळीज वेगळ्या बशीत झाकून ठेवलेलं. प्रवास कसा झाला, असं त्यानं विचारलं. चांगला झाला, ती म्हणाली. समुद्र? शांत होता. ओलुफ बटाटा सोलत होता. साल एका पट्टीत निघावी म्हणून तो फार हळू सोलत होता.

“त्याला आनलंस का?” त्यानं मान वर न करता विचारलं.

“कुणाला?”

“त्यो. बोलनारा.”

तिनं पिशवी उघडली. हात आत घातला आणि स्टूर टेबलाच्या कडेवर उभा राहिला. ओलुफनं सुरी खाली ठेवली. बराच वेळ तो स्टूरकडे बघत राहिला, एखादा दूरचा नातेवाईक दारात आल्यावर चेहऱ्यात कुणाची ठेवण आहे ते शोधावं तसा. स्टूरनं नाक ओढलं. ओलुफनंही ओढलं.

“एक गोष्ट सांगतो,” ओलुफ स्टूरला म्हणाला. “त्ये वाऱ्याचं. हापिस सुटल्यावर घरला जातो म्हनालास, त्ये मी ओस्लोबद्दल न्हवतं म्हनलं. ट्रोंडहाइमबद्दल म्हनलं हुतं. ओस्लोला मी कंदी गेलोच न्हाई.”

रग्नफ्रिदला कानशिलं गरम झाल्यासारखी वाटली. स्टूर मात्र डगमगला नाही.

“मग यायचं हुतं की,” तो म्हणाला. “कुनी धरून ठेवलं हुतं?”

“असं जाऊन कुनाच्या दारात हुबं ऱ्हानार?”

“लेकीच्या. तिच्या खोलीत पलंग मोठा हाय, खिडकी लहान हाय. बटाटं तितंबी वाईटच.”

ओलुफच्या तोंडाचा एक कोपरा हलला. त्यानं सोललेला बटाटा लेकीच्या ताटात ठेवला, पण बोलला स्टूरशीच. आवाज आता खाली आला होता.

“मला सांग, तू तिच्यासंगं रोज असतोस. मी तितं गेलो, आनि तिच्या लोकांम्होरं असं तोंड उघडलं. तर तिला लाज न्हाई वाटायची?”

रग्नफ्रिदनं बोटं हलवली. स्टूरचं तोंड उघडलं आणि तसंच राहिलं. मंत्र्यांपासून मास्तरांपर्यंत कुणालाही उत्तर देताना स्टूर कधी अडखळला नव्हता. आता तिनं घसा साफ केला, पण बापाच्या प्रश्नाला बापाच्याच आवाजात उत्तर देणं तिला जमेना. चुलीवरच्या किटलीचं झाकण खडखडत होतं. ओलुफ वाट बघत होता. स्टूरकडेच बघत, पापणी न हलवता, स्टुडिओतली मुलं बघायची तसा.

तिनं हात खाली घेतला. स्टूर मांडीवर आडवा झाला.

“न्हाई, बा,” ती स्वतःच्या आवाजात म्हणाली. “न्हाई वाटायची.”

ओलुफनं पहिल्यांदा तिच्याकडे पाहिलं. मग मान हलवली, बशीवरचं झाकण काढलं आणि बशी तिच्याकडे सरकवली.

“निवंल,” तो म्हणाला. “खा.”

सुट्टीनंतरच्या पहिल्या बुधवारी स्टुडिओत काही वेगळं नव्हतं. मुलं आपापल्या जागी बसली होती, टेबलावर गोंदाची बाटली होती, उजव्या हातात स्टूर होता. लाल दिवा लागला. रग्नफ्रिदनं नेहमीसारखं कॅमेऱ्याकडे पाहिलं आणि क्षणभर थांबली. काचेपलीकडे एगिलला वाटलं, ती वाक्य विसरली.

“या रं पोरांनो,” ती म्हणाली. “बसा. आज मी तुमाला आमच्या बेटावरची गोष्ट सांगनार हाय.”

स्टूरनं मान वळवून तिच्याकडे बघितलं. मुलांनी मात्र काही विशेष घडल्याचं दाखवलं नाही. एकानं फक्त खुर्ची पुढे ओढली.

नियंत्रण कक्षात ध्वनी सांभाळणाऱ्यानं एगिलकडे पाहिलं, हातानं विचारलं, काय करायचं? एगिलच्या कोपराशी वरच्या मजल्याचा फोन होता, आणि तो आता कुठल्याही क्षणी वाजणार हे दोघांनाही ठाऊक होतं. एगिलनं रिसीव्हर उचलला, अलगद टेबलावर उताणा ठेवला आणि गोष्ट ऐकायला पुढे सरकून बसला.