खर्ड्याकडे पळणारा चेंडू

मी एक जुना चेंडू आहे. मित्रांनो, लगेच गोल काहीतरी डोळ्यांपुढे आणू नका. मी लांबट आहे, दोन्ही टोकांना निमुळता, पोटावर पांढऱ्या दोरीची शिवण. अमेरिकन फुटबॉल नावाच्या खेळात मला हातात धरून पळतात आणि समोरचे पळणाऱ्याला आडवं पाडतात. हातातल्या खेळाला फुटबॉल का म्हणतात, हे मला विचारू नका. मलाही त्यात काहीतरी काळंबेरं वाटतं.

माझा जन्म जालंधरच्या एका कारखान्यात झाला. दोरी ओवून झाल्यावर कारागिराने मला गोल चेंडूंच्या ढिगात न टाकता बाजूला ठेवलं, आणि जगाचा आपल्यावर भरवसा नाही हे मला तिथेच कळलं. जगाचंही चुकत नाही म्हणा. जमिनीवर आपटलो की मी कुठे उसळेन, याचा मलाच पत्ता नसतो. जामखेडच्या एका कॉलेजात माझं खोकं उघडलं, तेव्हा शिपाईसुद्धा लांबूनच म्हणाला, "ह्यो कशाखाली दबून आलाय का काय?"

मला आपुलकीने उचललं ते कानिफनाथने. सगळे त्याला कानिफ म्हणत. आधी तो शेवगावच्या कॉलेजात होता. परिचारिका असलेल्या आईची बदली खर्ड्याला झाली म्हणून इकडे आला. तो स्वतःच्या पंच्याने मला पुसायचा, अंगठ्याने दाबून हवा बघायचा, उन्हात कधी पडू द्यायचा नाही. त्याच्या बगलेत बसून मी वाऱ्यासारखा पळालो आहे. ते दिवस फार सुखाचे होते.

मग तो हरण्याचा मोसम आला. पहिला सामना गेला, दुसराही गेला. आम्ही ज्या बाजूला पळायचो, तिथे समोरचे आधीच येऊन उभे! जणू आमची वाटच बघत होते.

आता आमच्या खुणा सांगतो. क्रीडाशिक्षक काकासाहेब सरांनी त्या मोठ्या हुशारीने ठरवल्या होत्या. कप्तान हर्षल "खर्डा" ओरडला की उगवतीच्या बाजूने पळायचं, "मिरजगाव" म्हणाला की मावळतीच्या, कारण जामखेडहून ती गावं त्या त्या दिशेला. "शेवगाव" म्हणजे लांब फेक, कारण ते गाव लांब. ऐकणाऱ्याला वाटेल पोरं एसटीबद्दल बोलताहेत, असं सर म्हणायचे आणि स्वतःवरच खूश व्हायचे.

तिसरा सामना हरल्यावर कानिफ म्हणाला, "सर, खुणा बदला. खर्डा कुठं हाय, हे जिल्ह्यात कुनाला ठाऊक न्हाई? त्यास्नी समदं कळतंय."

हर्षलने त्याच्याकडे रोखून पाहिलं.

"त्यास्नी कळतंय, हे तुला कसं कळलं?"

झालं! त्या दिवसापासून सगळ्यांची नजर फिरली. कानिफ आला की कुजबुज थांबायची. शेवगावचा आहे, तिकडे ओळखी आहेत, फितूर झाला असणार. एकदा तो फोनवर बोलत होता आणि बोलण्यात शेवगावचं नाव आलं, एवढं कुणीतरी ऐकलं आणि रान उठवलं. मी त्याच्या मांडीवरच होतो. त्याची मावशी विचारत होती, जेवलास का म्हणून. पण मला तोंड नाही, मित्रांनो. दोरीने शिवलेल्या पोटात मी ते सगळं घेऊन बसलो. हर्षलची नजर, सरांचं गप्प बसणं, पाण्याची बाटली कानिफला चुकवून पुढे सरकवणं, मला तर सगळ्यांचाच संशय येऊ लागला.

शेवटचा सामना शेवगावच्याच संघाशी होता. हर्षलने कानिफच्या हातातून मला काढून घेतलं. "आज तू बाहीर बस," एवढंच म्हणाला. कानिफने मला सोडण्याआधी एकदा अंगठ्याने दाबून पाहिलं आणि पंच्याने पुसलं. मग तो जाऊन कुंपणापाशी बसला. मला फार वाईट वाटलं.

फितूर बाहेर बसला म्हणून हर्षल त्याच खुणा आणखी जोरात ओरडू लागला. खर्डा म्हणाला, उगवतीला भिंत उभी. मिरजगाव म्हणाला, मावळतीला उभी. आमचा धुव्वा उडाला.

सामना संपल्यावर शेवगावचा कप्तान वाल्मिक हात मिळवायला आला. हर्षलने त्याचा हात सोडलाच नाही.

"खरं सांग, आमच्या खुणा तुमाला कुनी सांगितल्या?"

"सांगायच्या कशाला?" वाल्मिक हसला. "खर्ड्याला माझी आत्या दिल्याली हाय. यष्टीची पाटी वाचता येती की आमाला."

हर्षल कुंपणाकडे धावला, पण कानिफ खर्ड्याच्या गाडीत बसून कधीच निघून गेला होता.

पुढचे महिने मी खेळाच्या सामानाच्या खोलीत कपाटावर काढले. अंगावर चुन्याची फक्की, पोटातली हवा रोज थोडी कमी. कुणी पुसलं नाही. कानिफ वर्गात यायचा, मैदानाकडे मात्र फिरकायचा नाही, हे मी खिडकीतून पाहत होतो.

यंदाच्या मोसमाचा पहिला सराव होता. हर्षलने मला खाली काढलं आणि थेट कॉलेजच्या फाटकापाशी नेलं. कानिफ गाडीची वाट बघत उभा होता. मला शंका आली, आता माफीचं भाषण होणार. तसं काही झालं नाही.

"यंदा खुणा तू ठरव," हर्षल म्हणाला.

कानिफने रस्त्यावर गाडी येतेय का ते पाहिलं. "आन फुटल्या तर?"

"तर मीच बोंबललो आसन."

गाडी आली, थांबली, निघून गेली. कानिफने मला हातात घेतलं, अंगठ्याने दाबलं आणि त्याच्या कपाळावर आठी पडली.

"आधी ह्याच्यात हवा भर," तो म्हणाला.

मित्रांनो, मला उन्हात टाकू नका, पुसून ठेवा, अधूनमधून दाबून बघा. मी कुठे उसळेन याचा नेम नाही, माझ्यावर खुशाल संशय घ्या. माणसाचा आला, तर मात्र पाठीमागे कुजबुजू नका, समोर बसवून विचारा. माझ्यात पंपाने हवा भरता येते. कानिफसाठी हर्षलला फाटकापर्यंत चालत जावं लागलं, आणि तेवढं अंतर चालायला त्याला पुढचा मोसम उजाडावा लागला.