निरोपाची जागा

ओटोकार राइटहोफर यांनी पियानोवरची फुलदाणी उचलून खिडकीत ठेवली, पाहुण्यांची खुर्ची थोडी पुढे ओढली आणि परत होती तिथेच ढकलली.

"अहो, बसा आता एका जागी," त्यांची बायको हेडविग विणता विणता म्हणाली. "लग्नातसुद्धा एवढे घाबरला नव्हतात."

"लग्नात माझं काव्य कोण गाणार होतं?"

राइटहोफरांकडची रविवार दुपारची मैफल सगळ्या व्हिएन्नाला ठाऊक होती. हातमोज्यांच्या कारखान्यात कमावलेला पैसा या माणसाने गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांवर सढळ हाताने उधळला होता. लोक यायचे, हादडायचे, वाहवा करायचे. पण ऑपेरासाठी त्यांनी लिहिलेलं काव्य पुढे केलं, की सगळ्यांना घरची कामं आठवायची. पाठीमागे 'हातमोजेवाला कवी' म्हणायचे. ते ओटोकारांच्या कानावर यायचं आणि चांगलंच झोंबायचं.

आज मात्र थिएटरचे संचालक प्राउनर स्वतः समोर बसले होते. पसंत पडलं, तर ओटोकारांनी लिहिलेला 'नावाडी' हा ऑपेरा सप्टेंबरात रंगमंचावर येणार होता. संगीत लुडमिलाचं. मोराव्हियातल्या एका शाळामास्तरांची ही लेक ओटोकारांच्याच आधारावर शिकून तयार झाली होती.

ती वाजवू लागली, प्राउनरांनी सोबत आणलेला थिएटरचा गायक गाऊ लागला. पहिले दोन अंक झकास रंगले. प्राउनर हातातला केक विसरून ऐकत होते. मग शेवटच्या अंकातला तो प्रसंग आला. नावाडी आपल्या मुलीला दूरदेशी जाणाऱ्या बोटीत बसवून देतो आणि एकटा काठावर उरतो. ओटोकार पुढे सरकून बसले. इथलं निरोपाचं गीत चांगलं दोन पानांचं होतं, त्यांच्या जिवातलं.

गायकाने तोंड मिटलं. नुसता पियानो वाजत राहिला.

ओटोकारांचं डोकंच फिरलं. अख्खं गीत कापलं? एका शब्दाने विचारलं नाही या पोरीने! माझ्याच घरात, माझ्याच पियानोवर! उठावं आणि पियानोचं झाकण आपटावं, असं वाटून ते अर्धे उठलेसुद्धा. तेवढ्यात त्यांची नजर हेडविगकडे गेली.

तिच्या सुया थांबल्या होत्या आणि ती खुशाल रडत होती. ते गीत त्यांनी तिला कितीदा वाचून दाखवलं होतं. दर वेळी "छान आहे हो" म्हणून ती स्वयंपाकघरात निघून जायची. त्यांची मुलगी आनेलीज नवऱ्याबरोबर ब्राझीलला गेली, त्या आठवड्यात ते लिहिलेलं. स्टेशनवर मात्र गाडी हलली तरी बापाच्या तोंडून शब्द फुटला नव्हता. टोपी हातात धरून ते नुसते उभे होते. आता पियानोत तेच वाजत होतं. ओटोकार सावकाश खाली बसले.

वादन संपलं.

"जिंकलंस, पोरी!" प्राउनर म्हणाले. "करू आपण हे. फक्त एक, निरोपाला गाणं पाहिजे म्हणजे पाहिजे. माझा गायक काय तिथे खांबासारखा उभा राहणार? राइटहोफर, तिथले शब्द असतीलच की तुमच्याकडे?"

लुडमिला पांढरीफटक पडली.

"साहेब, मी तुम्हाला सांगणारच होते, पण..."

"थांब गं जरा."

नुसतं हो म्हणायचा अवकाश होता. सगळं गीत त्यांना तोंडपाठ होतं. आयुष्यभर ज्याची वाट पाहिली, ते आज आपल्या पायांनी घरी चालत आलं होतं. ओटोकारांनी घसा खाकरला.

"तिथे शब्द नाहीत," ते म्हणाले. "तो बाप काही बोलत नाही."

"काहीच नाही? मुलगी कायमची निघाली आणि बाप गप्प?" प्राउनर हेडविगकडे वळले. "बाई, तुम्ही तरी समजवा यांना. एवढं लिहिणारा माणूस आणि नेमकी इथेच लेखणी अडली?"

हेडविगने मांडीवरच्या अर्धवट मोज्याने डोळे पुसले.

"खरं सांगतायत ते," ती म्हणाली. "एक अक्षर बोलले नव्हते. मी शेजारीच उभी होते ना."

प्राउनर दोघांकडे आळीपाळीने बघत राहिले. मग खुर्चीत मागे टेकून त्यांनी लुडमिलाला सांगितलं,

"तेवढंच पुन्हा वाजव बघू."