आज काय खाल्लंत?

"मैनुद्दीनसाहेब, लोकांनी तीस वर्षांपूर्वी न्याहारीला काय खाल्लं, हे विकत घेऊन वाचणारा एक माणूस मला पुण्यात दाखवा," असं म्हणून श्रीनिवासरावांनी हस्तलिखिताची थप्पी टेबलावरून परत सरकवली. "फुकट वाचणारे पुष्कळ मिळतील."

सदाशिव पेठेतल्या त्या प्रकाशनाच्या खोलीत चहा एकच आला होता आणि तो श्रीनिवासरावांसमोर होता. मैनुद्दीन हसले. त्यांना राग येत नसे. सगळा जन्म लोकांचं ऐकण्यात गेला होता.

कसबा पेठेत बापाचं कलईचं दुकान. भाता ओढता ओढता मैनुद्दीन सोळा वर्षांचे झाले, तेव्हा कुठे रात्रशाळेत जाऊन अक्षरं शिकले. पुढे रेडिओत टेपची रिळं उचलायला लागले. एकदा शेतकऱ्यांच्या कार्यक्रमाला मुलाखत घेणारा आलाच नाही. साहेब म्हणाले, "तू बस, तुला त्यांच्यासारखं बोलता येतं." मैनुद्दीन बसले ते तीस वर्षांनी, निवृत्त होऊनच उठले. रेकॉर्डिंगचं मशीन खांद्याला लावून अर्धा जिल्हा फिरले. त्यावर दोन पुस्तकं लिहिली, ती श्रीनिवासरावांनीच छापली आणि बरी खपली.

आता त्यांना मैनुद्दीनकडून थोरामोठ्यांच्या मुलाखती हव्या होत्या. मैनुद्दीनना हे तिसरं पुस्तक काढायचं होतं. त्र्याहत्तरी आली होती. चौथं होईल याची खात्री नव्हती. आणि खरं सांगायचं, तर पहिली दोन त्यांनी या तिसऱ्यासाठी हात बसावा म्हणूनच लिहिली होती.

गोष्ट अशी, की मुलाखत सुरू करण्याआधी माणसाचा आवाज मशीनवर जुळवून घ्यावा लागतो. त्यासाठी त्याला काहीतरी बोलतं करायचं असतं. मैनुद्दीन प्रत्येकाला एकच विचारत, "आज काय खाल्लंत?" भाषणाची तयारी प्रत्येक जण करून येई. या प्रश्नाची तयारी कुणाचीच नसे. मंत्री असो की मेंढपाळ, खरं बोलून जाई. मग तेवढी टेप कात्रीने कापायची आणि टोपलीत टाकायची, अशी रीत. मैनुद्दीन ते तुकडे टोपलीतून उचलून घरी नेत. चिकटपट्टीने जोडून त्यांनी त्याचं एक रीळ केलं होतं. बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात तीनशे अकरा माणसांची न्याहारी होती.

पुस्तक लिहायला घेतलं, तेव्हा त्यांच्या बायकोने, अख्तरबानूंनी, एकच विचारलं होतं.

"अहो, हे कापायचं म्हणून बोलले होते ना ते? मग विचारलंत का त्यांना?"

झालं. दीड वर्ष मैनुद्दीन लोकांना विचारत फिरले. जे होते त्यांना, आणि जे नव्हते त्यांच्या मुलाबाळांना. हिंजवडीला गेले, तर तिथल्या गेनबा शेतकऱ्याच्या भातखाचरावर काचेची इमारत उभी होती आणि ऐंशीचा गेनबा तिच्या समोरच खाट टाकून बसला होता.

"छापा की!" तो म्हणाला. "शिळी भाकर अन् ठेचा, चोरून खाल्ली व्हती व्हय मी? वर लिवा, आता नातू सकाळी कायतरी भुसा खातो दुधात कालवून. त्याला गेनबाची भाकर छापून दावा."

अशी सगळ्यांनी परवानगी दिली होती. फक्त एकाची मिळालेली नव्हती.

श्रीनिवासराव चहा संपवता संपवता नावांची यादी चाळत होते. ते एकदम थांबले.

"यात आमचे अण्णा नाहीत? ते तर तुमच्याकडे बोलले होते. 'उपवासाचं महत्त्व'. आम्ही सगळे रेडिओला कान लावून बसलो होतो."

अण्णा म्हणजे त्यांचे वडील, संस्कृतचे शिक्षक. त्यांच्या उपासांचा दरारा चार गल्ल्यांत होता.

"आहेत," मैनुद्दीन म्हणाले. "पण पुस्तकात नाहीत. त्यांना मी शब्द दिला होता."

"म्हणजे… आवाज आहे?"

"चौदा सेकंद."

श्रीनिवासरावांनी चष्मा काढला. "बावीस वर्षं झाली त्यांना जाऊन. घरात फोटो सतरा आहेत. आवाज एकही नाही."

मैनुद्दीननी पिशवीकडे पाहिलं. दाखवायला म्हणून रिळावरून कॅसेट करून आणली होती, लहान टेपरेकॉर्डरही पिशवीत होता. शब्द रेडिओवर न लावण्याचा होता. पण म्हणून मुलाला ऐकवावं का? तो समोर फडक्याने उगीचच कोरडी काच पुसत होता. शेवटी त्यांनी उठून दार लोटलं, आवाज बारीक केला आणि बटण दाबलं.

"आज काय खाल्लंत, गुरुजी?" तरुण मैनुद्दीनचा आवाज.

"आज संकष्टी. निर्जळी… म्हणजे, येताना मंडईच्या कोपऱ्यावर कांदाभजी काढत होता हो. चार खाल्ली. नाही, सहा. हे रेडिओवर लागणार नाही ना?"

"नाही, गुरुजी. हे कापतो मी."

खट्.

श्रीनिवासरावांचे खांदे हलायला लागले. मैनुद्दीन घाबरले, पण ते हसत होते. डोळ्यांतून पाणी, आणि हसू थांबेना.

"सहा!" ते म्हणाले. "अहो, मी सातवीत असताना संकष्टीला शेंगदाण्याचा एक दाणा तोंडात टाकला, तर या माणसाने मला तासभर अंगणात उभं केलं होतं! तेव्हापासून एक संकष्टी चुकवली नाही मी. आणि हे सहा! पुन्हा लावा."

चार वेळा लावलं. तिसऱ्या खेपेला त्यांनी पोऱ्याला न पाठवता दार उघडून स्वतःच खाली हाक मारून दुसरा चहा मागवला.

"छापू," ते म्हणाले. "पण पहिलं पान अण्णांचं."

"ते नाही."

"मी मुलगा आहे त्यांचा. मी परवानगी देतो."

"बाकीच्यांनी फक्त उत्तर दिलं होतं, म्हणून त्यांच्या मुलांना विचारलं. गुरुजींनी शब्द घेतला होता. त्यातून तुम्ही मला कसं मोकळं करणार?"

"आणि मी म्हटलं, नाहीतर पुस्तक नाही?"

मैनुद्दीननी थप्पी उचलून पिशवीत घातली. कॅसेट मात्र टेबलावरच ठेवली. "ही तुमची. घरी ऐका."

ते जिन्यापर्यंत पोचले असतील, तोच मागून हाक आली.

"अहो साहेब! चहा मागवलाय तो काय मी दोन्ही पिऊ? आणि ती पिशवी इकडे आणा."

पुस्तक चार महिन्यांनी आलं. तीनशे दहा माणसांची न्याहारी होती त्यात. पहिलं पान मात्र कोरं होतं. त्यावर नाव नव्हतं, फक्त खाली बारीक अक्षरात 'चौदा सेकंद' एवढंच. वाचणाऱ्यांना वाटलं, छपाईत राहून गेलं असेल. श्रीनिवासरावांनी कुणालाच खुलासा केला नाही.

पुस्तकाच्या पहिल्या प्रती घेऊन ते स्वतः कसबा पेठेत आले, तेव्हा रमजान चालू होता आणि संध्याकाळ व्हायला आली होती. प्रतींवर वर्तमानपत्राचा एक गरम पुडा होता. त्याला तेल सुटलं होतं.

"मंडईच्या कोपऱ्यावर अजून काढतो," ते म्हणाले. "तुमचा रोजा सोडायला आणलीत."

"आणि तुम्ही घ्याल ना?" अख्तरबानूंनी विचारलं.

"आज संकष्टी, वहिनी. चंद्र आठ पन्नासला."

तेवढ्यात मशिदीतून अजान झाली. मैनुद्दीननी दुवा पुटपुटून खजूर तोंडात टाकला, पाणी प्यायले, आणि पुडा उघडला. कांद्याचा वास खोलीभर पसरला. श्रीनिवासराव घड्याळाकडे बघत बसले. चंद्राला अजून अडीच तास होते. त्यांनी दाराकडे पाहिलं. खिडकीकडे पाहिलं. मग हळूच एक भजं उचललं, आणि त्याच्यापाठोपाठ दुसरं.

"मैनुद्दीनसाहेब," ते भरल्या तोंडाने म्हणाले, "हे कुठे लागणार नाही ना?"

मैनुद्दीननी हाताची दोन बोटं वर धरली आणि हवेत कात्रीसारखी मिटली.