उलट्या जात्याची आंबील

हे मी आठवून नाही, वहीत वाचून सांगून राहिली. उलट्या जात्याची आंबील मले माझ्या सासूनं शिकवली, असं माझ्याच अक्षरात लिहिलं आहे. सासूचा चेहरा मात्र विचारू नका. तो गेला.

रीत सोपी आहे. जातं उलटं फिरवून ज्वारी दळायची, पीठ ताकात आंबवायचं, शिजवून वरून लसणाची फोडणी द्यायची. मरणाऱ्या माणसानं एक वाटी पिली का त्याचं मरण आठ दिवस पुढं ढकलल्या जाते. पण वाटीतला पहिला चमचा दुसऱ्यानं घ्यायचा, अन् जो घेते त्याच्या जगलेल्या आयुष्यातले नऊ महिने पुसल्या जातात. अगदी सुरुवातीपासून. पहिल्या वाटीले मायच्या पोटातले, दुसरीले पाळण्यातले. त्यातलं कोणाले काय आठवते, सांगा बरं? मलेबी फुकटच वाटलं. अन् सासूची एक ताकीद होती: पिणाऱ्याले हे सांगायचं नाही, नाहीतर त्याच्या घशाखाली उतरत नाही.

दीड वर्षाआधी डॉक्टरनं माझ्या नवऱ्याले, मारोतरावाले, पंधरा दिवस सांगतले. लिव्हर पार गेलं होतं. आमची एकुलती एक पोट्टी रितिका तेव्हा सात महिन्यांची पोटुशी, पहिल्या बाळंतपणाले बेसा गावी आमच्या घरी आलेली. नवऱ्याचा एकच हेका, "नातवाचं तोंड पाहू दे वं पुष्पा, मंग यमाले म्हणा, खुशाल ने." खुशाल म्हणे! जसा काही यम याचा साळाच लागते.

मी जातं काढलं. दर आठ दिवसाले आंबील करायची, सैपाकखोलीतच पहिला चमचा मी घ्यायचा, मंग वाटी त्याच्या हाती. अशा सात वाट्या झाल्या. मी चार वर्षांची असताना माझी माय वारली. तिच्या मांडीवर बसून मी ओले हरभरे खाल्ले, तेवढीच तिची आठवण होती, असं वहीत आहे. सहाव्या वाटीले तीबी गेली. रडली मी, कायले खोटं बोलू. पण समोर हा माणूस बाजेवर उठून बसून राहिला होता, पोट्टीच्या पोटावर हात ठेवून लेकराच्या लाता मोजून राहिला होता.

आठव्या वाटीच्या वक्ताले रितिकाचे नऊ महिने भरत आले होते. त्या दुपारी आंबील इतकी गरम, का चमचा ओठाले लावता येईना. वाटी मी पंख्याखाली, त्याच्या बाजेजवळ ठेवली, अन् तेवढ्यात सिलिंडरवाल्यानं बेल वाजवली. दोन मिनिटं गेली मी, बाप्पा. दोनच मिनिटं.

आपल्याकडची रीत तुम्हाले माहीत आहे. घरात खमंग वास सुटला का पोटुशीले आधी द्यायचं, नाहीतर लेकराचे कान फुटतात म्हणतात. दोन महिने मीच देत होती तिले, पहिलं भजं, पुरणाचा पहिला गोळा. आंबील तेवढी ती झोपली असताना करायची. त्या दिवशी मेल्या बेलनं तिले उठवलं, अन् वास आला म्हणून ती बापाजवळ येऊन बसली.

मी आत आली तं चमचा तिच्या तोंडात होता. चमच्याची दांडी बापाच्या हातात होती, अन् तो हासून राहिला होता. "आधी माह्या नातवाले," म्हणे.

"थुक!" मी ओरडली. "थुक वं, रितिका!"

"काहून, आई?" असं म्हणत तिनं गिळलं. उरलेली वाटी मारोतरावानं पिऊन टाकली.

रितिकाचे माझ्या पोटातले नऊ महिने गेले ते तिले कळलेबी नाहीत. पण त्या चमच्याचे खाणारे दोघं होते. अन् दुसऱ्याजवळ नऊच महिने होते.

संध्याकाळपर्यंत पोटातलं हालणं थांबलं. दवाखान्यात मशीनवर ठोका सापडला नाही. दुसऱ्या दिवशी मुलगी झाली, डोक्यावर काळंभोर जावळ, मुठी बंद. मारोतरावाले खुर्चीत बसवून नेलं. त्यानं नातीचं तोंड पाहिलं.

"तिच्या बदली देवानं मले काहून नाही नेलं?" तो अजून विचारते. खरं सांगतलं तं त्याच्या घशाखाली उतरणार नाही, अन् मले तं आंबील करायची आहे. हव, अजून करते. त्याच्यासाठी नाही, पहिल्या चमच्यासाठी. मले ती दुपार पुसायची आहे. पण आंबील सुरुवातीपासूनच पुसते, मधातलं उचलत नाही. माझं लग्न गेलं. रितिकाचा जन्म गेला, तिची शाळा गेली. अल्बममधली झालरीच्या फ्रॉकातली पोट्टी कोण, मले सांगता येत नाही. रितिका येते, आई म्हणते, मी चहा ठेवते.

"कायले जगवून राहिली मले?" मारोतराव वाटी धरून म्हणते.

"प्या चुपचाप," मी म्हणते.

अजून पंधरा वाट्या. त्यात रितिकाचं लग्न जाईन, हे घर जाईन, हा नवरा जाईन. ती दुपार सगळ्यात शेवटी. शेवटच्या वाटीआधी माझ्या आठवणीत एक बुढा असन, तोंड उघडलेली एक पोट्टी असन, अन् मधात चमचा. दोघं कोण, मले माहीत नसन. पण थुक म्हणून मी ओरडीन.