फाख्सी नावाचा पाव

पावाच्या बाळांचं बारसं म्हणजे त्या घरातला वर्षातून एकदा होणारा तमाशा. मृतांच्या सणाआधी भट्टीतून टोपल्या भरून पाव यायचे. दुपट्यात गुंडाळलेल्या तान्ह्या बाळांसारखा त्यांचा आकार, आणि प्रत्येकाच्या डोक्याशी बाजारातून आणलेला प्लास्टरचा एवढासा रंगीत चेहरा रोवलेला. मग रुफिनो आईची काळी शाल पाद्र्यासारखी पांघरून अंगणात उभा राहायचा आणि एकेका पावावर बिअर शिंपडत नाव ठेवायचा.

“हा आळशी पेद्रो! जन्मला तोच झोपलेला. आणि ही तोंडाळ बाईसाहेब! पोटात असतानाच सुइणीशी भांडली ही बया!”

शेजारणी पोट धरून हसत होत्या. रुफिनोची बहीण यानेतही हसत होती, पण तिचा एक डोळा लेकीवर होता. तो तसा कायमच असायचा. बारा वर्षांची पोर भिंतीला टेकून, हातातला पाव छातीशी धरून उभी होती. हसत नव्हती, रुसलेलीही दिसत नव्हती. गेले काही महिने ती अशीच होती, घरात असून घरात नसल्यासारखी. यानेत खालच्या शहरात राहायची, सणापुरती वर माहेरी यायची; विद्यापीठात शिकलेली होती, मुलांच्या मनावरची पुस्तकं वाचायची. या वयात असं होतं, असं पुस्तकात होतं. तरी पोर झोपली की यानेत तिच्या नाकाशी बोट धरून श्वास बघून यायची.

“चला, पुढची आई कोण?” रुफिनो ओरडला. “ये गं भाचे. तुझ्या बाळाचं नाव काय ठेवायचं?”

पोरीने पाव पुढे केला. “फाख्सी.”

रुफिनोचा हात तोवर खाली आलाही होता. बिअरचे थेंब त्या रंगवलेल्या गालांवर पडले, आणि अंगणातलं हसू जागच्या जागी विझलं.

फाख्सी हे पोरीचंच नाव होतं.

“काय केलंस मेल्या!” आजी, साटुर्निना, पायरीवरून ताडकन उठली. “जित्या माणसाचं नाव पावाला? आणि तेही या वर्षी?”

“अगं आई, मला काय माहीत! ती बोलली, मी शिंपडलं.”

“हिच्या आजोबाला जाऊन वर्ष नाही झालं. नवा मेलेला एकटा असतो. उद्या येऊन टेबलावर बघेल, जे नाव दिसेल ते उचलेल. आणि ही तर त्याची लाडकी.”

“आई, पाव आहे तो,” यानेत म्हणाली. आपला आवाज शांत आहे हे तिला स्वतःलाच ऐकवायचं होतं.

“हो, तू शिकलेली. शीक तू.”

आजीने पाव ओढून घेतला, फडक्यात बांधला आणि कपाटावर टाकला. रुफिनो म्हणाला, आपणच खाऊन टाकू, विषय संपेल. त्यावर आजीने त्याच्याकडे असं पाहिलं की तो शाल काढून गुपचूप घडी घालत बसला.

फाख्सी म्हणजे आजी-आजोबांच्या भाषेत चंद्र. विसाव्या वर्षी यानेतने ते नाव ठेवलं, तेव्हा विद्यापीठात सगळ्यांनाच आपापली मुळं सापडत होती. तिचं स्वतःचं नाव परकं, कुठल्याशा परदेशी मालिकेतून उचललेलं. आईने तेव्हा म्हटलं होतं, “मी तुला यानेत म्हटलं, कुणी हसू नये म्हणून. तू पोरीला आमच्या भाषेतलं नाव देतेस, कुणी हसू नये म्हणूनच ना? फक्त हसणारे वेगळे.” यानेतला तेव्हा ते कळलं नव्हतं, की कळूनही तिने सोडून दिलं होतं, कोण जाणे. गंमत म्हणजे त्या नावातला घशाच्या तळातून येणारा आवाज तिला कधीच जमला नाही. शाळेत पोरीला ‘फॅक्स’ म्हणत. कागद घालू का तोंडात, विचारत. फक्त तिचा आजोबा, म्हातारा सेव्हेरो, ते नाव असं घ्यायचा, जणू त्याच्या घशात ते तिच्या जन्माआधीपासून होतं.

सणाच्या दिवशी दुपारी बाराला आत्मे आले. म्हणजे त्यांच्यासाठी मांडलेल्या टेबलावरच्या मेणबत्त्या वाऱ्याशिवाय हलल्या, आणि एक जाडसर माशी येऊन सेव्हेरोच्या फोटोवर बसली. “आला,” आजी साधेपणाने म्हणाली आणि तिने त्याच्या आवडीच्या झणझणीत शेवयांवरचं झाकण काढलं. उसाच्या कांड्या, फुलं आलेले कांदे, आत्म्याला उतरायला पावाची शिडी, सगळं जागच्या जागी होतं. माशी फोटोवरून उठली, शेवयांना शिवलीसुद्धा नाही. खोलीत एक फेरी मारून ती थेट कपाटावर गेली.

यानेतने आईकडे पाहिलं. आईनेही पाहिलेलं होतं. पोर मात्र कपाटाकडे बघत होती, आणि कित्येक महिन्यांनी पहिल्यांदाच तिचा चेहरा सैल झाला होता. यानेतला त्या सैल चेहऱ्याचीच जास्त भीती वाटली.

दुसऱ्या दिवशी सगळे दफनभूमीत गेले. थडग्याथडग्याशी माणसं बसली होती, प्रार्थना म्हणणारे पोती घेऊन हिंडत होते. मृताचं नाव विचारायचं, त्याच्यासाठी प्रार्थना म्हणायची, बदल्यात पाव नि फळं घेऊन पुढे जायचं. सेव्हेरोच्या थडग्याशी एक म्हातारा आला, टोपी काढून लांबलचक गायला. यानेत फुलांना पाणी घालत होती. वळून पाहिलं तर पोर त्याच्या पोत्यात काहीतरी ठेवत होती. फडकं रिकामं होऊन तिच्या हातात लोंबत होतं.

“तो कुठला पाव दिलास?”

“कपाटावरचा.”

यानेतच्या हातातून डबा पडला. ती धावली. थडग्यांना वळसे घालत, कुणाच्या जेवणावरून उड्या मारत, शिव्या खात धावली. पाव आहे तो, पाव आहे, असं ती स्वतःला सांगत होती आणि पाय ऐकत नव्हते. म्हातारा भिंतीच्या सावलीत पोतं उघडून बसला होता.

“काका, एक पाव परत द्या. चुकून दिला माझ्या मुलीने.”

“वा गं वा! आणि मी म्हटलेली प्रार्थना? तीही घशात परत घालतेस का?”

“दुसरे चार देते. पण तो द्या.”

म्हाताऱ्याने खांदे उडवले आणि पोत्याचं तोंड तिच्याकडे केलं. “तुझाच ना? मग ओळख आणि घे.”

ती वाकली. पोतं भरून बाळं होती. सगळ्यांचे चेहरे एकाच साच्यातले, तेच लाल गाल, त्याच रंगवलेल्या भुवया, वर बघणारे तेच ठिपक्यांचे डोळे. तिने एक उचललं. ठेवलं. दुसरं उचलून हुंगलं, बिअरचा वास येतो का पाहिलं. सगळ्यांनाच पोत्याचा वास होता. शाळेच्या कुंपणाबाहेरून शेकडो गणवेशांतून ती आपली पोर पाठीवरून ओळखायची, आणि इथे तिचे हात एकामागून एक परक्या तोंडांना चाचपत होते. हे? की हे? यातलं कुठलं तिचं, आणि कुठलं ओळखायला ती कधी शिकलीच नव्हती?

“नको शोधूस,” मागून आवाज आला. पोर धापा टाकत उभी होती. “चुकून नाही दिला. मी आजोबांना दिला.”

“तुला कळतंय का काय केलंस? आजी काय म्हणाली ऐकलंस ना?”

“मी स्वतःला नाही दिलं. नाव दिलं.”

“नाव म्हणजे तूच की गं!”

“कुठे? तू पाहुण्यांसमोर मला बोलावतेस आणि लगेच अर्थ सांगतेस. शाळेत हसतात. आजी तर ते घेतच नाही, कुणी हसेल याची तिला भीती वाटते. नुसती हाक फक्त आजोबा मारायचे. काही सांगायचे नाहीत, हसायचे नाहीत. ते गेल्यावर मला कुणी त्या नावाने बोलावलं की वाटतं, दुसरीच कुणीतरी येऊन उभी राहील. म्हणून ज्यांचं होतं त्यांना देऊन टाकलं.”

म्हाताऱ्याने पोत्यातून एक पाव काढला, पायाकडून मोडला आणि चावायला लागला. तो कुठला होता, कोण सांगणार?

“मग मी तुला काय म्हणू?” तिने विचारलं.

“अजून माहीत नाही.”

“तोपर्यंत?”

“तोपर्यंत काही नको म्हणूस.”

एवढ्यात बारा वाजले. आत्म्यांची निघायची वेळ झाली, कुठेतरी बँड सुरू झाला, आणि सगळी दफनभूमी एकदम उठून फाटकाकडे लोटली. पोर पुढे चालत होती. बायकांचे घेरदार परकर, उसाच्या कांड्या, डोक्यावरच्या टोपल्या मध्ये आल्या. पोरीचं निळं जाकीट एकदा दिसलं, पुन्हा दिसलं, मग चारी बाजूंना निळीच जाकिटं झाली. फाटकाबाहेर मिनीबसवाले बेफाम गाड्या हाकतात, हे यानेतला आठवलं. ती टाचा उंच करून पाहू लागली. तिने हाक मारायला तोंड उघडलं. घशाच्या तळाशी तो आवाज आला, जो तिला आयुष्यभर जमला नव्हता, आणि नेमका आत्ता नीट येऊ पाहत होता.

तिने ओठ मिटले. या गर्दीत निघालेले सगळेच काही जिवंत नव्हते. त्या हाकेला कोण ओ देईल, हे तिला समजून घ्यायचं नव्हतं.

“अगं!” ती ओरडली. “अगं ए!”

पुढच्या पाच-सहा मुलींनी वळून पाहिलं. त्यांतली एकही तिची नव्हती. त्यांच्याही पलीकडे, फाटकाच्या अगदी तोंडाशी, एक निळी पाठ न वळताच थांबली. लोक तिला धक्के देत बाहेर जात होते, तरी ती हलली नाही. यानेत कोपरांनी वाट काढत त्या पाठीकडे निघाली.