कंसाची कळ आणि साडेतीन हातांची पेटी

मी एक जुनी कळ आहे, कीबोर्डवरची. ‘पी’ अक्षराच्या उजव्या बाजूला आम्ही दोघी बहिणी राहतो. मी चौकोनी कंस उघडणारी, आणि माझ्या शेजारची धाकटी कंस मिटणारी. मित्रांनो, तुम्ही रोज कीबोर्डवर बोटं चालवत असाल, पण आम्हाला कधी दाबलंत का, जरा आठवून पाहा. आठवणार नाही. त्याचा मला राग नाही. मी तेरा वर्षं वाट पाहिली आणि माझा दिवस आला. त्याचीच ही गोष्ट आहे.

मी जन्मले तो कारखाना मला अंधूकच आठवतो. पट्ट्यावरून शेकडो कळा पुढे सरकत होत्या आणि प्रत्येकीवर पांढऱ्या रंगाने तिचं चिन्ह उमटवलं जात होतं. माझ्यावर चिन्ह उमटलं तेव्हा मला फार मोठं झाल्यासारखं वाटलं. आता आपल्याला काम मिळणार, असं मी मनाशी म्हटलं.

खोक्यातून बाहेर आले ती उमरखेडला, बसस्टँडजवळच्या इंदुताईंच्या ऑनलाइन केंद्रात. तिथे सकाळपासून रांग लागायची. कुणाला जातीचा दाखला हवा असायचा, कुणाला पीकविम्याचा अर्ज भरायचा असायचा, कुणाची मुलगी नर्सिंगला जायची असायची. इंदुताईंची बोटं भराभर चालायची. ‘ए’ आणि ‘ई’ या आमच्या मैत्रिणींवरची अक्षरं दोन वर्षांतच पुसली गेली. शून्याची कळ तर मधोमध खोलगट झाली. आम्ही दोघी मात्र लग्नातल्या नवरीसारख्या कोऱ्या राहिलो. दर शनिवारी इंदुताई जुन्या दात घासायच्या ब्रशने सगळ्या कळा साफ करायच्या. आमच्यापाशी आल्या की म्हणायच्या, “या दोघी कशा नव्या दिसतात पाहा.” लोकांना ती स्तुती वाटायची. मला ती टोचायची. ज्या कळेला कुणी हात लावत नाही, तीच नवी राहते.

पुढे केंद्रात नवी यंत्रं आली. आम्हाला वायर गुंडाळून टेबलाखालच्या खोक्यात टाकलं. दोन वर्षं आमच्यावर धूळ साचली. ‘एम’च्या खाली एका कोळ्याने घर केलं. इंदुताईंकडे कामाला असलेल्या बादलने विचारलं नसतं, तर आम्ही भंगारातच गेलो असतो. इंदुताईंनी त्याला जुन्या संगणकाचा सगळा संच आनंदाने देऊन टाकला आणि ब्रशही दिला. बादलने तो संच मोटारसायकलला बांधून आपल्या तांड्यावर, धाकट्या बहिणीसाठी नेला.

त्या बहिणीचं नाव राखी. बारावीत शिकणारी, हाताने धीमी, डोक्याने तल्लख. बादलने तिला संगणकावर एक खेळ घालून दिला. त्या खेळात घर बांधायचं असतं. भिंती उभ्या करायच्या, दारं-खिडक्या बसवायच्या, खाटा, कपाटं, झाडं ठेवायची आणि मग त्या घरात छोटी माणसं राहायला येतात. ती झोपतात, स्वयंपाक करतात, रुसतात. राखीने एक म्हातारी बाई तयार केली, तिला लाल घागरा नेसवला आणि तिचं नाव ‘दादी’ ठेवलं. बंजारा घरात आजीला दादी म्हणतात. तिची खरी दादी, बिजलीबाई, तेव्हा मागे बसून तूर निवडत होती. तिने पडद्याकडे पाहिलं आणि म्हणाली, इतकी गोरी मी लग्नातही नव्हते.

एका दुपारी राखीला एक कपाट कोपऱ्यात बसवायचं होतं. ते कोपऱ्यापेक्षा रुंद होतं. मैत्रिणीने फोनवर तिला युक्ती सांगितली: कपाट उचलून धर, शिफ्ट दाब आणि चौकोनी कंस दाब. राखीचं बोट हवेत फिरलं, ‘पी’वर थांबलं, आणि मग माझ्यावर आलं.

मित्रांनो, कपाट लहान झालं!

तेरा वर्षांनी मला कळलं, की मी कशासाठी आहे. मला दाबलं की वस्तू लहान होते, धाकटीला दाबलं की मोठी होते. त्या दुपारी आम्ही दोघींनी काय धमाल केली! मी आंब्याचं झाड तुळशीएवढं केलं. धाकटीने कोंबडी म्हशीएवढी केली आणि बिजलीबाईच्या हातातलं सूप हसून हसून कलंडलं. आमची आणखी एक मैत्रीण, ‘आल्ट’ नावाची, ती दाबून धरली की वस्तू आखलेल्या चौकोनांना न चिकटता हवी तिथे, हवी तेवढी तिरकी ठेवता येते. खऱ्या घरात असतात तशी.

खरं घरही तेव्हा उभं राहत होतं. राखीचे वडील धरमसिंग यांनी झोपडीच्या शेजारीच दोन खोल्या बांधायला काढल्या होत्या. दिवाळीच्या पाडव्याला नव्या घरात जायचं आणि मग झोपडी मोडायची, असं ठरलं होतं. अडचण एकच होती, बिजलीबाईची पेटी.

ती सागवानी पेटी तिच्या सासऱ्याने केली होती. आत तिचा आरसे लावलेला लग्नाचा घागरा होता, आणि वर ती रोज झोपायची. नव्या घराच्या पुढच्या खोलीत एकच सलग भिंत होती, बारा फुटांची. ती धरमसिंगांनी सोफ्यासाठी राखून ठेवली होती. उमरखेडला मेहुण्याकडे त्यांनी सात फुटांचा सोफा पाहिला होता आणि तेव्हापासून तो त्यांच्या मनात बसला होता. पेटी फोडून तिच्या फळ्यांची मांडणी करावी, असं त्यांनी सुचवलं.

बिजलीबाईने आवाज चढवला नाही. “पेटी फोडा बापा,” ती म्हणाली, “पण मंग मले याच झोपडीत राहू द्या.”

घर नवं होणार आणि दादी जुन्यात राहणार, हे राखीला कसं सहन व्हावं? तिने खेळात नवं घर जसंच्या तसं बांधायला घेतलं. खेळातला एक चौकोन दोन फुटांचा धरला. पेटी केवढी, असं दादीला विचारलं. दादीने पेटीवर हात टाकत टाकत मापलं आणि सांगितलं, साडेतीन हात. शाळेच्या हिशेबाने हात म्हणजे दीड फूट, म्हणजे पेटी सव्वापाच फूट. खेळात एक लाकडी पेटी होती, धाकटीने ती वाढवून तेवढी केली. दार आणि खिडकी यांच्यामधली भिंत साडेपाच फूट होती. पेटी तिथे अलगद बसली. राखीने सगळ्यांना बोलावून दाखवलं. धरमसिंग हसले आणि मिस्त्री किसनसिंगला तसं सांगतो म्हणाले.

दुसऱ्या दिवशी बादलने टेप लावला. पेटी सहा फूट भरली.

“इंजिनेर बाई,” तो राखीला म्हणाला, “तुमची पेटी खिडकीतून बाहीर निंगाली.”

राखीने दादीला पुन्हा मापायला लावलं, तेव्हा चूक दिसली. आपण हात मोजतो तो कोपरापासून. तांड्यातल्या जुन्या बाया तसा मोजत नसत. त्यांच्या दंडावर कोपराच्या वर बलिया असायच्या, म्हणजे रुंद पांढऱ्या बांगड्या, आणि माप धरायचं ते बलियाच्या कडेपासून. आजोबा गेले तेव्हा बिजलीबाईने बलिया उतरवल्या. पण दंडावरचा वळ तसाच होता, आणि तिचा हात अजूनही त्या वळापासूनच सुरू होत होता.

मित्रांनो, पुढची गोष्ट सांगायला मला संकोच वाटतो. राखी घाबरली होती. वडील पुन्हा पेटी फोडायचं काढतील, असं तिला वाटलं. तिने खेळातली पेटी आधी खरी सहा फुटांची केली, ती खिडकीवर आली. मग तिने शिफ्ट दाबली आणि मला दाबलं. पेटी आक्रसली आणि पुन्हा दार-खिडकीच्या मध्ये बसली. चित्र सुंदर दिसत होतं. वडिलांना तेच दाखवायचं तिने ठरवलं. त्या दिवशी माझं काम मला पहिल्यांदा जड वाटलं.

संध्याकाळी सगळे जमले. धरमसिंग मान डोलवत होते. बिजलीबाई मात्र चष्मा पुसून पडद्याजवळ सरकली. पेटीशेजारी उभ्या असलेल्या लाल घागऱ्याच्या म्हातारीवर तिने बोट ठेवलं.

“बाई, माणूस तेवढाच हाय,” ती राखीला म्हणाली, “अन् पेटी लहान कशी झाली? महे पाय कुठं ठेवू?”

राखीचे डोळे भरून आले. तिने मुकाट्याने धाकटीला दाबलं आणि पेटी होती तेवढी केली. मग तिने पेटी उचलली आणि त्या सलग भिंतीला लावली. तिथे आधीच मांडलेला सोफा आता पेटीवर चढला, कारण सहा आणि सात बारात मावत नाहीत. राखीने सोफा उचलून धरला. तिचं बोट माझ्यावर आलं.

“बापू,” ती म्हणाली, “पेटी घरात हाय. सोफा अजून दुकानातच हाय. जे आलं नाही, ते लहान करू ना.”

तिने मला दाबलं. एकदा, दोनदा, तीनदा. प्रत्येक वेळी मी जीव ओतला. सात फुटांचा सोफा पाच फुटांचा झाला आणि ‘आल्ट’ने त्याला हळूच भिंतीशी सरकवलं. भिंत पुरली.

धरमसिंग बिजलीबाईकडे वळले. गोरमाटी बोलीत आईला याडी म्हणतात. “याडी,” ते म्हणाले, “सोफ्यावर मी एक डाव बसलो, तेबी पाहुणा म्हणून. पेटीवर तं लहानाचा मोठा झालो.”

पाडव्याला चार जणांनी पेटी उचलून नव्या घरात आणली. किसनसिंग मिस्त्री दारात उभा राहून, बसणार नाही, बसणार नाही, असं म्हणत होता. पेटी बसली. महिन्याभराने दोन माणसांचा सोफा आला, तोही बसला. दोघांच्या मध्ये वीतभर जागा उरली, तिथे बिजलीबाईने आपली काठी उभी केली. त्याच दुपारी ती पेटीवर पाय लांब करून झोपली, आणि पाय कुठेही बाहेर आले नाहीत.

आता तांड्यावर कुणाचंही घर बांधायचं निघालं, की लोक आधी राखीकडे येतात. शेजारणीची, जमनीची, चूल कुठे यावी, प्रेमसिंगच्या दारातला लिंब वाचेल का, हे सगळं पडद्यावर ठरतं. राखी आधी टेप लावायला सांगते, आणि म्हातारीने हात सांगितला तर तो कुठून मोजला हेही विचारते. दुपारी ती पेटीवरच बसते आणि कीबोर्ड मांडीवर घेते. दर शनिवारी इंदुताईंचा तोच ब्रश आमच्यावरून फिरतो.

मित्रांनो, तुम्हीही एखादी कळ कधी लागली नाही म्हणून तिला निरुपयोगी ठरवू नका. तिच्यावर चहा सांडू नका, तिची धूळ झाडत जा. आणि जागा कमी पडली, तर घरात जे आधीपासून आहे त्याच्यावर माझा प्रयोग करू नका. अजून न आलेल्या वस्तू पुष्कळ असतात. त्यांना लहान करायला मी आनंदाने येईन.

काल सकाळी उजेडात राखीने मला निरखून पाहिलं. माझ्यावरचा कंस निम्मा पुसला गेला आहे. तेरा वर्षं मी कोरी होते. आता मलाही ‘ए’ आणि ‘ई’च्या शेजारी मान वर करून बसता येतं.