रंग न धरणाऱ्या तीन जागा

आईच्या टेबलाला रंग धरेना, तेव्हा लेकीने आधी डब्याला दोष दिला, मग ब्रशला, आणि शेवटी दुकानदाराच्या सात पिढ्यांचा उद्धार केला. त्या यादीत स्वतःचा नंबर काही तिने लावला नाही.

चूक तिचीच होती. टेबलावर जुनं पॉलिश होतं. रंगारीकाकांनी बजावलं होतं, "ताई, आधी सोड्याच्या पाण्याने धुवा, वाळवा, मगच घासा." पण बाईंना घाई! आईला जाऊन वर्ष झालं होतं. ते काळपट टेबल डोळ्यांसमोर नको होतं आणि टाकवतही नव्हतं. तिने न धुताच त्यावर पॉलिशपेपर चालवला, भुकटी झटकली आणि पांढऱ्या रंगाचा हात मारला. सगळीकडे रंग छान बसला. तीन जागी मात्र तो लावला की मागे सरायचा आणि खालचं लाकूड उघडं पडायचं.

तिने बोलावल्यावर काका आले आणि चष्मा सावरत वाकले. "तेल आहे हे. न धुता घासलंत ना? आणखी मुरलं."

"तेल कुठून येणार, काका? आई इथे पेपर तपासायची, स्वयंपाक नाही करायची."

"अंगाचं तेल हो. या दोन जागा कोपरांच्या. आणि ही मधली..." काकांनी स्वतःच्या कपाळाला हात लावला. "ही कपाळाची. एकदोनदा टेकून पॉलिशच्या खाली उतरत नाही हे, ताई. वर्षानुवर्षं टेकावं लागतं."

बाबा गेले तेव्हा ती अकरा वर्षांची होती आणि दादा चौदाचा. आईच्या डोळ्यांतून टिपूस आला नव्हता. चौथ्या दिवशी ती शाळेत शिकवायला गेली. दगडाच्या काळजाची बाई, असं नातेवाईक म्हणाले आणि या दोघांनी ते मनोमन मानलं. रोज संध्याकाळी "पेपर तपासायचेत, आत येऊ नका," म्हणत आई दार लावून घ्यायची. त्या बंद दाराचा राग लेकीने तीस वर्षं जपला. आईच्या आजारपणात तिने औषधं वेळेवर दिली, पण जवळ कधी बसली नाही.

"लाखेचं पॉलिश मारतो त्यावर," काका म्हणाले. "मग धरेल रंग."

तिने ऐकलंच नाही. खुर्ची ओढून ती बसली. कोपरं टेकली, ती नेमकी त्या दोन जागी. मान खाली घातली, तर कपाळ थेट तिसऱ्या जागेवर आलं. घरात कुणाला कळलं नव्हतं ते या फळीला ठाऊक होतं. भोवतीचा रंग ओला आहे, असं काका सांगायला गेले आणि मग त्यांनी राहूच दिलं.

बऱ्याच वेळाने तिने डोकं वर काढलं. कपाळाच्या कडेने पांढरं, कोपरांभोवती पांढरं, मध्ये डोळ्यांना धार. त्याच अवतारात तिने फोन लावला.

"दादा, आई रडायची रे. दार लावून, रोज रडायची."

दादाने विचारलं, "तुला कोणी सांगितलं?"

"तू आधी ये," ती म्हणाली. "तोवर मी काकांना टेबलाला हात लावू देत नाही."